नटवर्य आणि त्यांची प्रॉम्प्टर

मला गप्प बसता येत नाही. समोरचा माणूस बोलता बोलता जरा अडखळला की त्याचा पुढचा शब्द माझ्या तोंडून निघालेला असतो. दुकानात, लिफ्टमध्ये, फोनवर, कुठेही. माझी मुलगी इथेच, सिंगापूरला, लहानाची मोठी झाली. ती इथल्याच ढंगात म्हणते, "आई, यू नेव्हर लेट पीपल फिनिश, लाह." नवरा काहीच म्हणत नाही, कारण त्याची वाक्यं गेली तीस वर्षं मीच पूर्ण करते.

हा स्वभाव म्हणावा की धंद्याचा दोष, कोण जाणे. सिंगापूरला येऊन मला पंचवीस वर्षं झाली. दिवसा नोकरी केली, ती अलीकडेच सोडली. पण दर वर्षी गणपतीच्या आधी दोन महिने इथल्या मराठी मंडळाचं नाटक बसतं, आणि त्याची प्रॉम्प्टर पहिल्यापासून मीच. आमचे नट म्हणजे दिवसभर मीटिंगा करून थकलेले पुण्या-मुंबईचे इंजिनिअर. हौस दांडगी, पाठांतर कच्चं. मी विंगेत स्टुलावर बसते, मांडीवर स्क्रिप्ट, हातात पेन्सिल. नट अडला की अर्ध्या सेकंदात शब्द त्याच्या कानात पडला पाहिजे आणि पहिल्या रांगेला ऐकू जाता कामा नये. हे काम मला जमतं. उगीच विनय दाखवत नाही, उत्तम जमतं. नाटक संपल्यावर सगळे एकमेकांना मिठ्या मारतात आणि मला म्हणतात, तुम्ही नसता तर आमचं काही खरं नव्हतं. ते ऐकून मी वर्षभर टुणटुणीत असते.

याच हुशारीपायी मी एका भल्या माणसाच्या हातातलं काम जवळजवळ घालवलं होतं. निभावलं सगळं, म्हणून आज सांगायला तोंड आहे.

आमचा फ्लॅट तोआ पायोहला, बाराव्या मजल्यावर. तीनेक वर्षांपूर्वी शेजारच्या फ्लॅटमध्ये एक क्रोएशियन बाई भाड्याने राहायला आली. पंचेचाळिशीची, एकटी, एका जहाज कंपनीत नोकरीला. कुठलं जहाज कुठल्या बंदरात कधी लागणार याची काळजी ती सदैव कानाला फोन लावून वाहायची. वर्षभराने तिची आई वारली आणि तिने वडलांना झाग्रेबहून इकडे आणलं. ते पंच्याहत्तरीचे, उंच, पांढऱ्या केसांचे. कॉरिडॉरमध्ये समोरून कोणी आलं की भिंतीला चिकटून उभे राहायचे. लिफ्टमध्ये सगळ्यांच्या मागे, कोपऱ्यात. एकदा मजल्यावरच्या सगळ्या बिऱ्हाडांचा फोटो काढला तर हे इतके कडेला उभे की अर्धा खांदा फोटोबाहेर. मी म्हटलं, "अहो, जरा मध्ये या की." तर हसून म्हणाले, "पन्नास वर्षांची सवय आहे. मध्ये दुसरं कोणीतरी असतं."

ते नट होते. सिनेमात, टीव्हीवर, सतत दुय्यम कामं करणारे. हे कळल्याबरोबर मी त्यांना खाली कॉफीच्या टपरीवर घेऊन गेले आणि सगळं विचारून घेतलं. नवऱ्याने त्याच दिवशी त्यांचं नामकरण केलं, नटवर्य. ते मला गोस्पोजो म्हणायचे, म्हणजे बाईसाहेब. आमचं बोलणं इंग्रजीत चालायचं. त्यांचं इंग्रजी सावकाश होतं, त्यामुळे निम्मं मीच बोलायची.

त्यांची कारकीर्द ऐकताना मला हसू यायचं आणि मग हसल्याची लाज वाटायची. तरुणपणी ते गोरेपान, उंच, निळ्या डोळ्यांचे. त्या काळात तिकडे महायुद्धावरचे सिनेमे धडाधड निघत. सिनेमात शेवटी आपली माणसं जिंकणार, म्हणजे मरायला जर्मन अधिकारी हवेत. युनिफॉर्म यांना बेतल्यासारखा बसला. दहा-बारा वर्षं ते गोळ्या खाऊन पडत राहिले. पुलावरून पडले, घोड्यावरून पडले, एकदा जेवणाच्या टेबलावर सूपमध्ये पडले. त्यांची आई खेड्यातल्या थिएटरात मुलाचा प्रत्येक सिनेमा बघायला जायची आणि तो मेला की उठून घरी यायची. सिनेमाचा शेवट तिने कधी बघितला नाही.

मग नव्वदच्या सुमाराला तिकडे खरंच युद्ध पेटलं. सिनेमे थांबले. लहान मुलांच्या कार्टूनमध्ये यांनी आवाज दिले, एक कासव, एक रागीट भोपळा. शांतता झाल्यावर टीव्हीवर मालिकांचा सुकाळ आला, तेव्हा हे डॉक्टर झाले. दर आठवड्याला दवाखान्याच्या दारातून बाहेर यायचं, चष्मा काढायचा आणि घरच्यांना वाईट बातमी द्यायची. मंडईत बायका यांना रक्तदाबाचं विचारायच्या. आणि गेल्या काही वर्षांत परदेशी कंपन्या त्यांच्या समुद्रकाठच्या जुन्या गावांत शूटिंगला यायला लागल्या, तेव्हा हे शिरस्त्राण घालून किल्ल्याच्या दारात उभे राहिले. दोन दिवस उभं राहून एक वाक्य.

"एवढ्या कामांत आवडतं कुठलं?" मी विचारलं.

ते विचारात पडले. मी म्हटलं, "डॉक्टर?" ते म्हणाले, "हो, डॉक्टर म्हणू शकता." आता वाटतं, त्यांना काय म्हणायचं होतं ते मला कधीच कळणार नाही.

गेल्या वर्षी मार्चमध्ये एक दिवस सकाळीच दार वाजलं. नटवर्य दारात, हातात कागद, कानाच्या पाळ्या लाल. त्यांच्या एका जुन्या सहायक दिग्दर्शकाची मुलगी आता स्वतः सिनेमा करत होती. तिने यांना एका भूमिकेसाठी विचारलं होतं. एका बेटावरच्या गावातला म्हातारा होडीवाला. पाच सीन. आणि शेवटच्या सीनमध्ये कॅमेरा त्यांच्या तोंडावर, दुसरं कोणी फ्रेममध्ये नाही.

"पन्नास वर्षांत," ते म्हणाले, "माझ्या तोंडावर कॅमेरा आला की मला माहीत असायचं, आता गोळी लागणार आहे. इथे लागत नाही."

पण आधी परीक्षा होती. हल्ली तिकडे ऑडिशनला बोलावत नाहीत, घरीच फोनवर सीन करून पाठवायचा. महिनाअखेरचा शुक्रवार ही शेवटची तारीख. समोरच्या पात्राची वाक्यं कॅमेऱ्यामागून कुणीतरी वाचावी लागतात. त्यांनी आपल्या मुलीला विचारलं तर ती म्हणाली, बघू, आणि फोनवर बोलायला आत गेली. तिला त्यांचं तिकडे शूटिंगला जाणंच पसंत नव्हतं. एवढ्या लांब, एकट्याने, दोन महिने, या वयात. म्हणून ते माझ्याकडे आले होते.

मी एका पायावर तयार झाले. भाषेची अडचण होती, पण ती मी तासाभरात निकालात काढली. त्यांना एकेक ओळ सावकाश म्हणायला लावली आणि माझ्या वहीत देवनागरीत उतरवून घेतली. त्यांच्या भाषेत जसं लिहितात तसंच बोलतात, आपल्यासारखंच, त्यामुळे काही अडलं नाही. अर्थ त्यांनी इंग्रजीत सांगितला. सीन असा, की तीस वर्षांनी एक बाई गावात परत येते. युद्धात एका पहाटे तिच्या भावाला घरातून उचलून नेलं, तो परत आला नाही. ती होडीवाल्याला विचारते, "येस्ते ली बिली तामो?" तुम्ही तिथे होतात का? आणि इतकी वर्षं गावात कोणाला काही न सांगितलेला तो म्हातारा म्हणतो, "बिओ साम." होतो.

रोज सकाळी दहा वाजता आमच्या डायनिंग टेबलाशी तालीम सुरू झाली. मी समोर बसायची, एका हातात वही, दुसऱ्यात पेन्सिल. सगळं माझ्या ओळखीचं. पहिल्याच दिवशी मी विचारलं, "येस्ते ली बिली तामो?" आणि नटवर्य अडकले. माझ्याकडे बघतायत, तोंडातून शब्द नाही. मी हलकेच म्हटलं, "बिओ साम." त्यांनी मान डोलवली, "ह्वाला," म्हणाले, म्हणजे आभारी आहे, आणि ओळ म्हणून पुढे गेले. थोड्या वेळाने परत अडकले, परत मी शब्द दिला, परत ह्वाला. त्या एका सीनमध्ये पाच वेळा. मी प्रत्येक ठिकाणी वहीत फुली मारली. दुसऱ्या दिवशी पाच, तिसऱ्या दिवशी पाच. एवढीशी ती ओळ, दोन शब्दांची, आणि तीही यांना आठवू नये, मला वाईट वाटायला लागलं. रात्री सांगितलं तर नवरा म्हणाला, "तू त्यांना वेळ देतेस ना?" मी म्हटलं, "वेळ द्यायला काय झालं? मी काय आज प्रॉम्प्टिंग करते आहे?" यावर तो पेपर वाचायला लागला.

त्याच आठवड्यात बेडोकचा प्रकार झाला. नटवर्यांना समुद्र बघायचा होता. एकटेच एमआरटीने, म्हणजे इथल्या मेट्रोने, बेडोकला गेले, किनाऱ्यावर बसून राहिले, फोनची बॅटरी संपली. संध्याकाळपर्यंत परतले नाहीत. मुलगी ऑफिसमधून धावत आली. तिच्या तोंडचं पाणी पळालं होतं. शेवटी तिथल्या हॉकर सेंटरमधल्या, म्हणजे खाण्याच्या टपऱ्यांच्या बाजारातल्या, एका फळवाल्या बाईच्या फोनवरून त्यांनी फोन केला. घरी आले तेव्हा शांत होते, हातात पपई. पण मुलगी हादरली ती हादरलीच. त्यांना झोपवून ती आमच्याकडे आली आणि उभ्या उभ्याच मला विचारलं, "तुम्ही रोज त्यांच्याबरोबर बसता. खरं सांगा. ते विसरतात का?"

मी खरं सांगितलं. म्हणजे मला खरं वाटत होतं ते. वर प्रॉम्प्टरचा रुबाब आणून सांगितलं. मी म्हटलं, "हो. विसरतात. मला यातलं कळतं, पंचवीस वर्षं हेच करते आहे. एका सीनमध्ये पाच वेळा अडकतात. दोन शब्दांची ओळही आठवत नाही."

ती खुर्चीत बसली. मग म्हणाली, "थँक यू. मला हेच कोणाकडून तरी ऐकायचं होतं." आणि मी, मूर्ख, तिच्या पाठीवरून हात फिरवत राहिले.

दुसऱ्या दिवशी तिने वडलांना सांगून टाकलं, सिनेमा नाही, जाणं नाही, व्हिडिओ पाठवायचा नाही. स्मरणशक्तीच्या डॉक्टरांची वेळ घेतली, ती मिळाली तीन आठवड्यांनंतरची. तालीम बंद पडली. दहा वाजले की मी दाराकडे बघायची. मी खरं तेच बोलले, त्यांच्या भल्यासाठीच बोलले, असं स्वतःला चार-चारदा बजावलं, पण घास गोड लागेना. कॉरिडॉरमध्ये एकदा ते दिसले. मला वाट द्यायला भिंतीला चिकटून उभे राहिले, नेहमीपेक्षा जरा जास्तच.

गुरुवारी माझी अक्कलदाढ काढली. किती तरी दिवस ठणकत होती. डेंटिस्टने कापसाचा बोळा दाढेच्या जागी दाबून बसवला आणि सांगितलं, दोन तास तोंड उघडायचं नाही, एक शब्द बोलायचा नाही. नवरा बरोबर होता, तो डेंटिस्टला म्हणाला, "चार तास सांगितलं असतं तरी चाललं असतं." अर्धा चेहरा बधिर, गाल सुजलेला, अशी मी घरी येऊन बसले, तोच दार वाजलं. नटवर्य.

ते आत आले, नेहमीच्या खुर्चीत बसले. "माझी मुलगी म्हणते, तुम्हाला वाटतं मी विसरतो."

मी तोंडाकडे बोट दाखवलं. बोलता येत नव्हतं. आयुष्यात पहिल्यांदा मला स्वतःची बाजू मांडता येत नव्हती, आणि ज्याच्यापुढे मांडायची तो माणूस समोर बसला होता. त्यांना दाढेचं कळलं. त्यांनी सहानुभूतीने मान हलवली आणि बोलत राहिले.

"मी रागावलो नाही. आधी रागावलो होतो. मग वाटलं, ही बाई जाणती आहे, उगीच कशाला सांगेल? आता मलाच खात्री नाही. सकाळी चावी सापडली नाही की वाटतं, हेच ते. गोस्पोजो, मला एकदा बघायचंय. आज मदत करू नका. वाक्य वाचू नका, शब्द देऊ नका. अडलो तर अडू दे. काय ते एकदाचं कळू दे."

मी मान हलवली. दुसरं करणार काय?

त्यांनी स्वतःचा फोन काढला, माझे पोह्यांचे आणि रव्याचे डबे एकावर एक ठेवून त्याला टेकवला आणि रेकॉर्डिंग सुरू केलं. मग माझ्याकडे बघून म्हणाले, "तुमचा प्रश्न मी मनात ऐकतो. तुम्ही फक्त माझ्याकडे बघा."

सीन सुरू झाला. पहिली दोन वाक्यं आली. मग तो प्रश्न, जो कोणी विचारला नाही. आणि ते थांबले.

मी खोटं बोलत नाही, माझी जीभ त्या बोळ्यावर आपटत होती. बिओ साम, बिओ साम. बोळा नसता तर मी नक्की बोलले असते. मी टेबलाची कड धरली. एक, दोन, तीन सेकंद. संपलं, मला वाटलं, गेलं या माणसाचं डोकं, आणि हे त्यांनाही आत्ता कळतंय, माझ्यासमोर. माझ्या डोळ्यांत पाणी आलं. चार, पाच. आणि मग मला दिसलं, की ते शोधत नाहीयेत. शब्द शोधणारा नट कसा दिसतो हे माझ्याइतकं कोणाला ठाऊक? त्याचे डोळे वर जातात, किंवा विंगेकडे येतात, माझ्याकडे. यांचे डोळे हलले नव्हते. ते समोरच्या बाईकडे बघत होते, आणि काय बघत होते ते माझ्या हळूहळू लक्षात आलं. आत्ता खरं सांगितलं तर ही बाई आपल्यासमोर कोसळेल, आणि नाही सांगितलं तर तशीच होडीत बसून परत जाईल. त्यांची हनुवटी किंचित खाली आली. मग अगदी साध्या आवाजात, वेळ विचारल्यावर वेळ सांगावी तसे, ते म्हणाले, "बिओ साम."

माझ्या अंगावर सरसरून काटा आला. पुढे आणखी चार ठिकाणी ते थांबले आणि चारही ठिकाणी ओळ आपल्या पायांनी चालत आली. एक शब्द चुकला नाही, एक गाळला नाही. वही माझ्यासमोर उघडी होती. ज्या पाच ठिकाणी ते थांबले त्या पाचही ठिकाणी माझ्या फुल्या होत्या, एकावर एक, रोजच्या.

आणि तेव्हा मला इतकी लाज वाटली म्हणून सांगू. अहो, विसरणारा माणूस रोज त्याच जागी विसरत नाही. आमचे इंजिनिअर आज पहिल्या पानावर अडतील, उद्या तिसऱ्या, परवा भलत्याच पात्राचं वाक्य म्हणतील. विसरण्याला ठावठिकाणा नसतो. रोज नेमक्या त्याच पाच जागी थांबणारा माणूस विसरत नसतो, तो तिथे थांबायचं ठरवून आलेला असतो. हे मला पहिल्या तीन दिवसांत कळायला हवं होतं. माझ्याच पेन्सिलीने मी रोज लिहून ठेवत होते आणि मलाच वाचता आलं नाही.

मी कागद ओढला आणि इंग्रजीत लिहिलं, तुम्ही मला आधीच का नाही सांगितलंत?

त्यांनी वाचलं. आता त्यांच्या चेहऱ्यावर रंग परत आला होता. "पन्नास वर्षं प्रत्येक दिग्दर्शक मला एकच गोष्ट सांगत आला," ते म्हणाले. "लवकर. तुझं वाक्य टाक आणि बाहेर हो. मी थांबलो की सगळे घड्याळ बघतात. मला वाटलं, तुम्हालाही तेच म्हणायचंय. तुम्ही इतक्या सभ्यपणे सांगत होतात." मग जरा वेळाने हसले. "आणि मग मुलगी म्हणाली मी विसरतो, तेव्हा माझंच मला कळेना, मी थांबतो की विसरतो."

मी लिहिलं, सॉरी. मग ते पुरेसं वाटेना म्हणून खाली परत दोनदा लिहिलं.

काम मिळालं की नाही हे सांगून टाकते, उगीच ताणत नाही. मिळालं. डॉक्टरांनीही पुढे तपासलं, वयाच्या मानाने उत्तम आहे म्हणाले, चावीची जागा ठरवून ठेवा म्हणाले. पण त्या गुरुवारी यातलं काहीच ठरलेलं नव्हतं. शुक्रवार ही शेवटची तारीख होती, आणि मुलगी नाही म्हणून बसली होती ती माझ्या शब्दावर.

संध्याकाळी ती ऑफिसातून आली. बोळा निघाला होता, गाल सुजलेलाच होता. मी तिच्या दारात जाऊन उभी राहिले. कानाला फोन होता, तिने हाताने थांबा म्हटलं. मी तिचा फोन खाली घेतला. असं मी आधी कधी कोणाच्या बाबतीत केलं नव्हतं. म्हटलं, "माझं चुकलं. तुझ्या वडलांना काही झालेलं नाही. मी तुला चुकीचं सांगितलं." वही दाखवली, फुल्या दाखवल्या, नटांचं विसरणं कसं असतं ते सांगितलं. तिच्या चेहऱ्यावर काही हललं नाही. मग नटवर्यांनी मागून येऊन तिच्या हातात फोन दिला, सकाळचं रेकॉर्डिंग लावून.

ती उभ्यानेच बघत होती. ती थांबण्याची जागा आली. तिचं बोट आपोआप पुढे सरकवायला गेलं, आणि मध्येच थांबलं. मी फोनवरचे आकडे बघत होते. अकरा सेकंद. अकरा सेकंद म्हणजे किती मोठे असतात हे करून बघितल्याशिवाय कळायचं नाही. मग "बिओ साम." ती सोफ्यावर बसली.

"हे घरीही असंच करतात," ती म्हणाली, माझ्याशी की स्वतःशी, कोण जाणे. "मी विचारते, जेवलात का? हे गप्प. मग मीच म्हणते, जेवलात, बरं. झोप लागली का? गप्प. मीच म्हणते, लागली असेल. मला वाटायचं त्यांना प्रश्नच कळत नाही." तिने डोळे पुसले. "आणि तुम्ही जेव्हा म्हणालात ना की ते विसरतात, तेव्हा मला आधी भीती नाही वाटली. मला बरं वाटलं. म्हटलं, आता हे कुठे जाणार नाहीत."

ती हे इंग्रजीत बोलली होती, वडलांना सगळं ऐकू जात होतं. ते तिच्या मागे भिंतीशी उभे होते. तिने मान वळवली. मग आपल्या भाषेत, हळू, फोन वगैरे सगळं बाजूला ठेवून, विचारलं, "ताता, होचेश ली इची?" ताता म्हणजे बाबा, आपल्या तात्यांच्या जवळचं. बाकीचं मला कोणी सांगितलं नव्हतं, पण तो प्रश्न कुठल्याही भाषेत ओळखू आला असता. बाबा, तुम्हाला जायचंय का?

ते थांबले.

ती थांबली. तिने ओठ घट्ट मिटले होते. मी तर दोन्ही हात तोंडावर धरले, दुखऱ्या गालासकट. खालून कोणाच्या तरी घरातला टीव्ही ऐकू येत होता. ते तिच्याकडे बघत राहिले, तिच्या डोळ्यांकडे, कपाळाकडे, ऑफिसच्या कपड्यांतल्या थकलेल्या खांद्यांकडे. घाई कोणालाच नव्हती. किती सेकंद झाले ते मी मोजले नाहीत.

"होचू," ते म्हणाले. जायचंय.

ती उठली आणि त्यांच्या गळ्यात पडली. मी तोंडावरचे हात काढले आणि एवढा मोठा श्वास सोडला की दाढेची जागा सणकून दुखली. मग दोघांना तसंच सोडून, एकही शब्द न बोलता, मी माझ्या घरी आले.